थरांच्या चॉकलेट वड्या: शेवटच्या थराला घाई करू नका

गेल्या एप्रिलमध्ये नणंदेच्या डोहाळजेवणासाठी मी चॉकलेटच्या थरांच्या वड्यांचे दोन ट्रे केले. 8 इंची चौकोनी ट्रे, एकेकात 25 वड्या. रात्री अकराला वरचा थर ओतला, ट्रे फ्रीजमध्ये सरकवले आणि झोपले. सकाळी पहिल्या ट्रेवर सुरी दाबली तर वरचं चॉकलेट काचेसारखं तडकलं आणि मधला पिवळा थर दोन्ही बाजूंनी बाहेर आला. दुसऱ्या ट्रेत मधला थर जागेवरच नव्हता, सगळे तपकिरी-पिवळे ओघळ. 50 पैकी 9 वड्या ताटात मांडण्याजोग्या निघाल्या. ओट्यापाशी उभी राहून मी रडले आणि मग नाशिकच्या रविवार कारंजावर जाऊन पेढे आणले.

हा पदार्थ मूळचा कॅनडाचा. ब्रिटिश कोलंबियातल्या ननायमो शहराच्या नावाने तो ओळखला जातो. खाली बिस्किट-कोकोचा थर, मध्ये कस्टर्ड पावडरचं क्रीम, वर चॉकलेट. ओव्हन लागत नाही. 1986 साली त्या शहरात उत्तम पाककृतीसाठी स्पर्धा झाली. 2019 मध्ये कॅनडाच्या टपाल खात्याने या वडीचं तिकीट काढलं, तेव्हा मधला थर फार जाड दाखवला म्हणून लोकांनी तक्रारी केल्या. मला ते वाचून धीर आला. थरांच्या मापावरून तिकडेही एवढी चर्चा होत असेल, तर आपली पहिली खेप बिघडली म्हणून हात आखडायचं कारण नाही.

खालच्या थराला फार वेळ देत नाही, कारण तो सहसा बिघडत नाही. मारी बिस्किटांचा चुरा, कोको, सुक्या खोबऱ्याचा कीस, अक्रोडाचे तुकडे, वितळलेलं बटर. मूळ कृतीत अंडं असतं. आपल्याकडे बिनअंड्याचीच मागणी जास्त, म्हणून मी त्याजागी थोडं कंडेन्स्ड मिल्क घालते. वाटीच्या बुडाने दाबून बसवा, कडेचा चुरा सुटता कामा नये.

मधल्या थराला 115 ग्रॅम मऊ बटर, 2 मोठे चमचे कस्टर्ड पावडर, अंदाजे 250 ग्रॅम पिठीसाखर, 3 मोठे चमचे क्रीम. बटर बिनमिठाचंच घ्या. मी एकदा रोजचं खारं वापरलं आणि खारट क्रीम गोड करायला साखर वाढवत बसले. साखर घरी दळत असाल तर दोनदा चाळा, नाहीतर जिभेवर कण लागतात.

आता वरचा थर. जे काही बिघडतं ते इथेच बिघडतं.

मधला थर म्हणजे बटर, आणि बटर साधारण 32 ते 35 अंशांना वितळतं. डबल बॉयलरवरून (गरम पाण्याच्या पातेल्यावर ठेवलेल्या भांड्यातून) नुकतंच उतरवलेलं चॉकलेट त्याहून बरंच गरम असतं. ते तसंच ओतलंत तर खालचं क्रीम वितळून वर येतं. माझ्या दुसऱ्या ट्रेचं तेच झालं. म्हणून मधला थर आधी फ्रीजमध्ये घट्ट करा आणि चॉकलेट बाहेर थांबवून ठेवा. खालच्या ओठाला थेंब लावून बघा. चटका नाही, गारही नाही, असं लागलं की ओता. पातेल्याला हात लावून ओळखू नका, पातेलं चॉकलेटच्या आधी गार होतं. आणि भांड्यात पाण्याचा थेंब जाऊ देऊ नका, चॉकलेट लगेच रवाळ होऊन गोळा होतं.

पहिल्या ट्रेचं कारण वेगळं होतं. नुसतं चॉकलेट फ्रीजमध्ये दगड होतं आणि खालचं क्रीम मऊच राहतं. सुरीचा दाब चॉकलेटवर पडतो आणि मार क्रीम खातं. त्यामुळे 115 ग्रॅम चॉकलेटला 30 ग्रॅम बटर घालायचंच. हे काटकसरीने गाळण्यातलं नाही, त्याच्यामुळेच वरचा थर सुरीला वाट देतो.

हे मला शिकवलं कोणी? जिथे पैसे भरून एक दिवसाचा वर्ग केला तिथे नाही. तिथे कागदावर मापं छापून मिळाली आणि तोंडी एवढंच, "फ्रीजमध्ये ठेवा, झालं." मापं कुठेही मिळतात. किती थांबायचं हे जो सांगत नाही, त्याला फी देऊ नका, असं माझं स्पष्ट मत आहे. शिकवलं शेजारच्या काकूंनी. त्यांनी चॉकलेट कधी वितळवलेलं नाही, पण आलेपाकाच्या वड्या त्या चाळीस वर्षं करताहेत. माझा तडकलेला ट्रे बघून म्हणाल्या, "अगं, वडी ओली असतानाच रेघा मारायच्या. वाळल्यावर कापतात का कधी?"

तेव्हापासून चॉकलेट ओतलं की दहा-बारा मिनिटांनी, बोट लावल्यावर ठसा उमटेल पण बोटाला चिकटणार नाही अशा वेळी, मी फक्त वरच्या थरावर रेघा ओढून ठेवते. मग फ्रीज. कापताना सुरी गरम पाण्यात बुडवायची, कोरडी पुसायची, एका दमात खाली न्यायची. प्रत्येक कापाला पुन्हा पुसायची. पहिले चार काप वाकडे येतील. येऊ द्या, पुढचे सरळ येतात.

कंपाउंड की खरं चॉकलेट, हा प्रश्न सगळ्याच विचारतात. कंपाउंडमध्ये कोको बटरऐवजी वनस्पती तेल असतं, ते सांभाळायला सोपं जातं. शिकताना खुशाल वापरा. पण विकताना "प्युअर चॉकलेट" लिहून कंपाउंड देऊ नका. चव कळते, आणि ते खोटंही आहे. विकायला लागण्याआधी एफएसएसएआयची, म्हणजे केंद्राच्या अन्नसुरक्षा संस्थेची, नोंदणी करून घ्या.

नाशिकची थंडी या वड्यांना मानवते. डिसेंबर-जानेवारीत मी इंदिरानगरहून पंचवटीपर्यंत साध्या डब्यातून नेते, काही होत नाही. एप्रिल-मे मध्ये पारा चाळिशीला टेकला की दुपारची ऑर्डर मी घेत नाही. संध्याकाळी सातनंतर, बर्फाच्या पिशवीवर डबा ठेवून, आणि घेणाऱ्याला आधी फोन करून: फ्रीजमध्ये एक खण रिकामा ठेवा, मी निघतेय.