थँक्सगिव्हिंगच्या गोड कॅसरोलची तयारी: रताळं, बटरनट भोपळा, सफरचंद

‘तुम्ही काहीतरी व्हेज आणा’ असा यजमानांचा निरोप नोव्हेंबर उजाडला की येतो. बॉस्टनच्या आसपासच्या मराठी घरांतून मग एकतर पनीर निघतं, नाहीतर छोले. दोन्हींना माझी हरकत नाही, पण टर्की, स्टफिंग आणि क्रॅनबेरी सॉसच्या ताटात ते पाहुण्यासारखे अंग चोरून बसतात. त्यापेक्षा इथल्या शरद ऋतूत पिकणाऱ्या रताळी, भोपळा, सफरचंदांचा कॅसरोल, म्हणजे खोलगट भांड्यात थर लावून ओव्हनमध्ये भाजलेला पदार्थ, न्यावा. यजमानांच्या ताटात तो शोभतो आणि आपल्यालाही भरपेट खाता येतो. कृती अशी फारशी नाहीच. तो फसतो तो तयारीत: एकतर पाणी सुटून पचपचीत होतो, नाहीतर साखर ओतून ओतून मिठाई होऊन बसतो. माझं सगळं लक्ष असतं ते गोडी बाटलीतून न आणता रताळ्यातूनच काढण्याकडे, आणि त्यासाठी दोन दिवस आधी हात लावावा लागतो. खालचं प्रमाण नऊ बाय तेरा इंचांच्या खोलगट भांड्याचं. बाकीचे पाच-सात पदार्थ असतील तर दहा-बारा जणांना पुरतं.

भाजी आणण्याच्याही आधी करायचं काम म्हणजे ओव्हनची चौकशी. थँक्सगिव्हिंगच्या दुपारी यजमानांचा ओव्हन टर्कीच्या ताब्यात असतो आणि टर्की बहुधा ३२५ फॅरनहाइटवर तासन्‌तास चालते. आपण भांडं घेऊन दारात उभे राहिलो आणि ‘जरा गरम करून घेऊ का’ म्हटलं, की यजमानीणबाई हसून ‘हो हो’ म्हणतात, पण मनात काय म्हणतात ते आपल्याला माहीत असतं. टर्की बाहेर काढल्यावर कापण्याआधी अर्धा-पाऊण तास मुरू देतात. ती वेळ आपली. आठवडाभर आधीच निरोप टाकून ती मागून घ्या. दुसरा ओव्हन असेल तर प्रश्नच मिटला. काहीच जमत नसेल तर घरून पूर्ण भाजून, गरमागरम न्यायचं.

त्याच निरोपात माणसांचीही विचारपूस करून टाका. कोणाला पेकान किंवा अक्रोडाची अ‍ॅलर्जी आहे का, कोणी व्हीगन आहे का, आणि आपल्यापैकी कोणाचा उपवास आहे का. थँक्सगिव्हिंग नेहमी नोव्हेंबरच्या चौथ्या गुरुवारी येतो. १९४१ साली अमेरिकेच्या काँग्रेसने तसा कायदाच केला. त्यामुळे गुरुवार करणाऱ्या मंडळींची दरवर्षी पंचाईत. २०२५ मध्ये तर २७ नोव्हेंबरला मार्गशीर्षातला पहिला गुरुवारही आला होता. रताळं आणि सफरचंद उपवासाला चालतात, लाल भोपळा काही घरांत चालतो, ओट्स मात्र चालत नाहीत. म्हणून भांड्याच्या एका कोपऱ्यावर वरचा ओट्सचा थर घालायचाच नाही, किंवा सरळ एक छोटी वाटी वेगळी लावायची. ती तशी लावली आहे हे ज्यांच्यासाठी लावली त्यांना सांगायलाही विसरू नका.

मार्शमेलोचा विषय इथेच संपवते. अमेरिकन घरांत रताळ्याच्या कॅसरोलवर मार्शमेलोचा थर असतो. विसाव्या शतकाच्या सुरुवातीला मार्शमेलो विकणाऱ्यांनी पाककृतींच्या पुस्तिका वाटल्या, तिथून ही पद्धत घरोघरी गेली. साध्या मार्शमेलोत जिलेटिन असतं आणि ते प्राण्यांच्या हाडा-कातड्यापासून बनतं, म्हणजे शाकाहारी पदार्थ म्हणून नेलेला पदार्थ शाकाहारी राहत नाही. बिनजिलेटिनचे मार्शमेलो मिळतात, पण मला विचाराल तर तेही नकोत. मुळात गोड असलेल्या भाजीवर साखरेचा ढग कशाला?

आता बाजार. रविवारी करून टाकावा, कारण मंगळवार-बुधवारी दुकानात पाय ठेवायला जागा नसते. रताळी दोन पौंड, म्हणजे साधारण नऊशे ग्रॅम, आतून केशरी असतात ती. दुकानातल्या पाटीवर पुष्कळदा ‘याम’ लिहिलेलं असतं, तरी असतात ती रताळीच. मध्यम जाडीची, दोन्ही टोकांना निमुळती, एकसारख्या आकाराची बघून घ्या, म्हणजे एकाच वेळी भाजून होतील. आपल्या इंडियन स्टोअरमधली लाल सालीची, आतून पांढरी रताळी कीस किंवा काप करायला छान, पण ती कोरडी आणि पिठूळ. या पदार्थात घशाशी बसतात. घरी आणल्यावर रताळी फ्रिजमध्ये अजिबात ठेवायची नाहीत. थंडीने त्यांचा गाभा कडक होतो आणि कितीही शिजवला तरी मऊ होत नाही. टोपलीत, अंधाऱ्या कोपऱ्यात ठेवा.

बटरनट भोपळा दोन पौंडांच्या आतबाहेरचा एक. हा भोपळा इथलाच, मॅसेच्युसेट्सचा: स्टो गावच्या चार्ल्स लेगेट यांनी तो १९४० च्या दशकात तयार केला, आणि जवळच्या वॉल्थममधल्या शेती संशोधन केंद्रात पुढे सुधारलेलं ‘वॉल्थम बटरनट’ हे वाण आजही बियाण्यांच्या दुकानात असतं. निवडताना लांब मानेचा आणि लहान पोटाचा घ्यावा, कारण बिया फक्त पोटात असतात, मान सगळी गर. हातात घेतल्यावर दिसतो त्यापेक्षा जड लागला पाहिजे. साल फिकट तपकिरी आणि बिनचमकीची हवी. चकाकी किंवा हिरव्या रेघा असतील तर तो कोवळा काढलेला आहे, गोडी कमी. चिरून डब्यात भरलेला भोपळा मिळतो, वेळ नसेल तर घ्या, पण तो ओलसर असतो; भाजताना दहा मिनिटं जास्त द्यावी लागतात.

सफरचंदं दोन मोठी. इथे मात्र जात बघूनच घ्या. मॅकिन्टॉश खायला सुंदर, पण ओव्हनमध्ये त्याचा लगदा होतो. ग्रॅनी स्मिथ फोडी धरून ठेवतं आणि आंबटही असतं. हनीक्रिस्पही टिकतं, मात्र गोडाकडे झुकतं. न्यू इंग्लंडात असाल आणि बागेतून आणणार असाल तर कॉर्टलँड घ्या, कापल्यावर ते लवकर काळं पडत नाही. ताज्या क्रॅनबेरीची बारा औंसांची पिशवी मिळते. आपल्याला त्यातली एक कपभरच लागते. केप कॉड आणि कार्व्हर-वेअरहॅमच्या बाजूला सप्टेंबरच्या मध्यापासून नोव्हेंबरपर्यंत तिची तोडणी चालते, म्हणून हीच तिची वेळ. उरलेली पिशवी तशीच फ्रीझरमध्ये टाका, लोणचं घालायला कामी येते. क्रॅनबेरी वगळू नका. या सगळ्या गोडात जिभेला जाग आणणारी तीच एक आहे, आणि गोठलेली वापरली तरी चालते, वितळवून घ्यायची गरज नाही.

बाकी सामान घरात असतंच: एक संत्रं, तूप तीन टेबलस्पून, मेपल सिरप तीन टेबलस्पून, मीठ, वेलदोडे, जायफळ, बोटभर आलं. मेपल नसेल तर गूळ किसून घ्या, चांगला लागतो. वरच्या थरासाठी जाड ओट्स पाऊण कप, पेकान अर्धा कप, दोन टेबलस्पून ब्राउन शुगर, दोन टेबलस्पून तूप. व्हीगन मंडळी असतील तर दोन्हीकडे तुपाऐवजी खोबरेल. दालचिनी मी चिमूटभरच घालते, कारण त्या दिवशी टेबलावरच्या निम्म्या पदार्थांना तोच वास असतो. वेलदोडा-जायफळाने आपला पदार्थ वेगळा ओळखू येतो.

मंगळवारी संध्याकाळी रताळी. नुसती धुऊन, पुसून, काट्याने चार ठिकाणी टोचून ट्रेवर मांडा आणि थंड ओव्हनमध्ये ठेवा, मग ओव्हन ३५० फॅरनहाइटवर, म्हणजे साधारण १७५ सेल्सिअसवर लावा. आधी तापवून घ्यायचा नाही. रताळ्यात बीटा-अमायलेज नावाचं विकर असतं. रताळ्याचं आतलं तापमान साठ ते पंचाहत्तर सेल्सिअसच्या आसपास असताना ते स्टार्चमधून माल्टोज ही साखर तयार करतं. रताळं या टप्प्यातून जितकं सावकाश जाईल तितकं गोड होतं. मायक्रोवेव्हमध्ये हा टप्पा भर्रकन निघून जातो, म्हणून ते रताळं फिकं लागतं आणि मग आपण वर साखर घालत बसतो. तास-सव्वा तासात सुरी सहज आत जाते आणि सालीतून काळपट पाक झिरपू लागतो. अगदी गळेपर्यंत भाजू नका, अजून एकदा ओव्हनमध्ये जायची आहेत. पूर्ण गार झाल्यावर सालीसकट डब्यात भरून फ्रिजमध्ये ठेवा. भाजलेली रताळी फ्रिजमध्ये चालतात, थंडीची भीती फक्त कच्च्यांना.

बुधवारी भोपळा. सालीला दोन-चार टोचे मारून अख्खा भोपळा दोन-तीन मिनिटं मायक्रोवेव्हमध्ये फिरवला की साल निघायला सोपी जाते. मान आणि पोट वेगळं करून मगच सोला, अख्खा भोपळा उभा धरून सुरी चालवणं धोक्याचं. हातमोजे घाला: याच्या चिकाने हात ताठरतात आणि वर एक पापुद्रा धरतो, तो साबणाने पटकन जात नाही. इंचभर फोडी करून थोडं तूप-मीठ लावून ४०० फॅरनहाइटवर अर्धा तास, फोडींमध्ये अंतर ठेवून भाजा. दाटीवाटी केली तर त्या भाजण्याऐवजी वाफेवर शिजतात. याच भाजण्यात भोपळ्याचं पाणी जातं आणि कॅसरोल पचपचीत व्हायचं मुख्य कारण टळतं. त्याच वेळी ओट्स, पेकान, साखर, तूप बोटांनी चोळून वेगळ्या डब्यात भरा. अ‍ॅलर्जीचा प्रश्न असेल तर पेकान त्यातही न घालता तिसऱ्या डबीत न्या आणि टेबलावर ज्याला हवे त्याला घेऊ द्या.

रात्री भांडं लावून टाका. रताळी सोलून बोटाएवढ्या जाड चकत्या, मध्ये भोपळा, वरून क्रॅनबेरी. अर्ध्या संत्र्याची किसलेली साल आणि पाव कप रस, मेपल, तूप, किसलेलं आलं, वेलदोडा-जायफळाची पूड आणि अर्धा चमचा मीठ एकत्र कोमट करून वर ओता. पाव कपाच्या वर रस नको, सफरचंद आणि क्रॅनबेरी स्वतःचं पाणी सोडतात. सफरचंद मात्र रात्री चिरू नका, सकाळी पातळ फोडी करून चकत्यांच्या मध्ये खोचा. भांड्यावर फॉइल, आणि तळाला मास्किंग टेपवर स्वतःचं नाव. अशा पार्टीत काचेची भांडी हमखास अदलाबदल होतात.

गुरुवारी भांडं काचेचं असेल तर फ्रिजमधून थेट तापलेल्या ओव्हनमध्ये घालू नका, तडकतं. तासभर आधी बाहेर काढा. ३५० वर फॉइलखाली पस्तीस मिनिटं, मग फॉइल काढून ओट्सचा थर पसरून आणखी वीस. कडेला रस बुडबुडू लागला, क्रॅनबेरी फुटल्या आणि वरचा थर तांबूस झाला की झालं. यजमानांकडे शेवटची वीस मिनिटं मिळणार असतील तर फॉइलखालचा भाग घरी उरकून न्या आणि ओट्सचा थर तिथेच घाला, कुरकुरीत राहतो. न्यायला खोका, त्यात जाड टॉवेल, वर दुसरा टॉवेल. सोबत वाढायचा मोठा चमचा आणि सामान लिहिलेली एक चिठ्ठी, त्यात तूप आणि पेकान स्पष्ट शब्दांत.

टेबलावर दोन तासांहून जास्त वेळ बाहेर राहू देऊ नका. उरलंसुरलं फ्रिजमध्ये तीन-चार दिवस टिकतं. फ्रीझरमध्ये घालण्यात अर्थ नाही, सफरचंदाची साफ माती होते. शुक्रवारी त्यातल्या क्रॅनबेरी बाजूला काढून बाकीचं कुस्करा, कणीक आणि चमचाभर तांदळाचं पीठ मावेल तेवढं घालून घट्ट मळा आणि घारगे तळा. गूळ घालायची गरज पडत नाही.