गाडी विकली, पण आरसीवर नाव तुमचंच? या चुका टाळा

आमच्या मामांनी साताऱ्यात जुनी दुचाकी ओळखीतल्या एकाला विकली. कोऱ्या टीटीओ (मालकी हस्तांतरणाच्या) फॉर्मवर सह्या केल्या, आरसी दिली, रोख मोजून घेतली. "आठवड्यात नावावर करून घेतो," एवढा शब्द मिळाला. अडीच वर्षांनी पोस्टमन मोटार अपघात दावा न्यायाधिकरणाचं समन्स घेऊन आला. गाडी तोवर तिसऱ्याच माणसाकडे, विमा संपलेला आणि जाबदारांत पहिलं नाव मामांचं. मामींनी दोन दिवस तो लिफाफा फोडलाच नव्हता.

मामांना वाटत होतं, पैसे घेतले की संबंध संपला. कायदा तसं मानत नाही. मोटार वाहन कायद्यात मालक म्हणजे नोंदणी ज्याच्या नावावर आहे तो. फेब्रुवारी २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने एका प्रकरणात हेच सांगितलं: गाडी हातोहात विकली गेली होती, पण आरसीवर नाव पहिल्याच मालकाचं होतं, म्हणून भरपाईची जबाबदारी त्याच्यावर ठेवली.

सगळ्यात महागात पडते ती ही समजूत, की नाव बदलणं हे घेणाऱ्याचं काम. कलम ५० विकणाऱ्यावरही जबाबदारी टाकतं. गाडी राज्यातच विकली तर १४ दिवसांत, परराज्यात विकली तर ४५ दिवसांत आरटीओला कळवायचं. घेणाऱ्याला ३० दिवस मिळतात. विकणाऱ्याने कळवायचं ते फॉर्म २९ वर. तो एजंटच्या पिशवीत कोरा सोडू नका. घेणाऱ्याचं नाव, पत्ता, तारीख स्वतः भरा आणि पोच घ्या. सोबत एक साधी डिलिव्हरी पावती करा: तारीख, वेळ, किलोमीटर, दोघांच्या सह्या, त्याच्या आधारची प्रत. वेळ लिहाच. दुपारी गाडी दिली आणि संध्याकाळी अपघात झाला, तर तो तास मोलाचा ठरतो. उद्या पोलिसांनी गाडी कोण चालवत होतं असं विचारलं, तरी गाडी कोणाकडे गेली हे सांगायला हाच कागद हाताशी असतो.

डीलरला गाडी देत असाल तर त्याचं आरटीओचं अधिकृतता प्रमाणपत्र बघा. १ एप्रिल २०२३ पासूनच्या नियमांनुसार अधिकृत डीलरला गाडी दिल्याची नोंद परिवहन पोर्टलवर फॉर्म २९सी ने होते आणि तिथून जबाबदारी त्याच्याकडे जाते. नुसती दुकानाची पाटी पुरत नाही.

घेणाऱ्यांची फसगत बहुतेक वेळा बोजामुळे, म्हणजे आरसीवरच्या कर्जाच्या नोंदीमुळे होते. कर्ज फिटलं तरी आरसीवरचा बोजा आपोआप उतरत नाही. बँकेची एनओसी आणि फॉर्म ३५ दोन्ही लागतात. पूर्ण रक्कम देण्याआधी ते हातात घ्या, चेसी नंबर आरसीशी स्वतः ताडून बघा, थकलेली ई-चलानंही तपासा. विम्यासाठी १४ दिवसांत कंपनीकडे अर्ज करा. थर्ड पार्टी कवच गाडीबरोबर येतं, पण आपल्या गाडीच्या नुकसानीचा दावा पॉलिसी जुन्या नावावर असेल तर नाकारला जाऊ शकतो.

नाव बदलण्याचा ऑनलाइन अर्ज ओटीपीपाशी अडला, तर आधी विकणाऱ्याचा नोंदवलेला मोबाइल नंबर चालू आहे का बघा. मूळ मालक वारला असेल तर त्याच्या नावाने सह्या मारून व्यवहार उरकू नका. तो सरळसरळ गुन्हा आहे. आधी फॉर्म ३१ ने गाडी वारसाच्या नावावर करायची, मग विकायची.

आणि गाडी आधीच विकून बसला असाल, समोरचा फोन उचलत नसेल, तर आजच आरटीओला लेखी कळवा, घेणाऱ्याला पोस्टाने पोचपावतीसह नोटीस पाठवा, दोन्हींच्या पोचा जपा. समन्स आलंच तर तारखेला वकिलासह हजर राहा. न गेल्यास निकाल एकतर्फी लागतो. मामा पहिल्या तारखेला गेले, तेव्हा त्यांच्याकडे दाखवायला पासबुकातली एकच नोंद होती, गाडी विकली त्या दिवशी भरलेल्या रोख रकमेची. घेणाऱ्याचं नाव तिच्यात कुठेच नव्हतं.