आडवी बाटली: मतदानाआधीची तयारी

गावातलं परवान्याचं दारूदुकान मतदानानं बंद करायचा अधिकार आपल्याकडं बायकांच्या हातात आहे. करवीर-कागलकडच्या ज्या गावांत हा विषय निघालाय, तिथल्या महिला मंडळांसाठी ही तयारी.

सगळ्यात आधी ताजी मतदार यादी मिळवा. मोर्चा आणि पेपरातला फोटो नंतर. 25 मार्च 2008 च्या शासन आदेशानुसार 25 टक्के महिला मतदारांच्या सह्या झाल्या की मतदान मागता येतं. दुकान बंद व्हायला मात्र निम्म्याहून जास्त मतं आडव्या बाटलीला, म्हणजे 'बंद' या चिन्हाला, पडावी लागतात, आणि हे निम्मं यादीतल्या सगळ्या बायकांचं. समजा यादीत 1,600 नावं आहेत. 1,100 जणी आल्या, 780 जणींनी आडवीला मत दिलं, तरी दुसऱ्या दिवशी दुकान उघडणार, कारण 801 पाहिजेत. स्वित्झर्लंडात एक लाख सह्यांवर घटनादुरुस्ती मताला जाते, पण तिथं निकाल पडलेल्या मतांवर लागतो. आपल्याकडं घरी बसलेली बाई उभ्या बाटलीच्या खात्यात जाते. वारलेली आज्जी आणि लग्न होऊन निपाणीला गेलेली पोरगीसुद्धा. म्हणून निवेदनाच्या कितीतरी आधी गल्लीवार यादी वाचा आणि अशा नावांसाठी बीएलओकडं, म्हणजे मतदार यादीचं काम बघणाऱ्या कर्मचाऱ्याकडं, नाव कमी करायचा नमुना 7 भरून द्या. काम कंटाळवाणं आहे, भाषण ठोकायला सगळे पुढं येतात आणि याला कुणी येत नाही.

सही यादीतल्याच नावानं घ्या, शेजारी अनुक्रमांक लिहा. माहेरचं नाव, किंवा बायकोच्या नावानं दादल्यानंच केलेली सही पडताळणीत उडते. 400 लागत असतील तर 500 घ्या; घरातनं दम दिला की चार जणी मागं सरतातच. निवेदन राज्य उत्पादन शुल्क खात्याकडं द्यायचं आणि पोच घेतल्याशिवाय हलायचं नाही.

तारीख प्रशासन ठरवतं, पण जोतिबाची चैत्र यात्रा नि भांगलणीची घाई टाळा अशी लेखी विनंती करायला काय जातंय? दोन्ही बाटल्यांची चित्रं मोठी काढून घरोघरी दाखवा: उभी म्हणजे चालू, आडवी म्हणजे बंद.

मतदानादिवशी धारा काढून, डेअरीला दूध घालून झालं की बायकांनी तसंच केंद्रावर जावं. दुपारी यादीत जिच्या नावापुढं खूण नसेल तिच्या रानात माणूस पाठवा. मजुरी बुडते म्हणाली तर पैसे अजिबात देऊ नका, उद्या त्याचीच तक्रार होईल. पैरा करून तिचं भांगलण दुसऱ्या दिवशी उरकून द्या.