आविन्योंहून एका दिवसात: रोमन अवशेष, डोंगरमाथ्यावरची गावं आणि आठ जणांची गाडी

दक्षिण फ्रान्समधल्या प्रोव्हान्सला जाणारे बरेच जण आविन्योंला मुक्काम टाकतात आणि तिथून एका दिवसाची सहल घेतात. छोट्या गटाची सहल चांगलीच. पण ती निवडायची कशी आणि दिवस लावायचा कसा, हे माहितीपत्रकं सांगत नाहीत. त्यांच्यात लव्हेंडर बारा महिने फुललेलं असतं. माझी सगळी नोकरी ऑडिटमध्ये गेली, त्यामुळे फोटोंच्या आधी मी खालचा बारीक अक्षरातला मजकूर वाचते. नवरा चिडवतो, पण बुकिंग करायची वेळ आली की फोन माझ्याच हातात देतो.

आधी ‘छोटा गट’ म्हणजे काय ते बघा. बहुतेक ठिकाणी तो आठ जणांचा असतो. आठच का, तर फ्रान्समध्ये साध्या कारच्या परवान्यावर चालकासकट नऊ आसनांपर्यंतची गाडी चालवता येते; त्यापुढे वेगळा परवाना लागतो. म्हणजे गाडी भरली की कुणाला तरी मधल्या सीटवर अंग चोरून बसावं लागणार. गुडघ्याचं दुखणं असेल किंवा घाटात मळमळत असेल, तर ते बुकिंग करतानाच कळवा आणि पुढची सीट मागून घ्या. सकाळी गाडीपाशी उभं राहून मागितली तर वाद होतात. तुम्हीच चार-पाच जण असाल तर माणशी दराला माणसांनी गुणा आणि अख्खी गाडी घेतल्यास किती पडेल ते शेजारी लिहा. फरक बरेचदा वाटतो त्याहून कमी निघतो, आणि मग कुठे किती थांबायचं हे तुमच्या हातात येतं.

दुसरा प्रश्न मी नेहमी लेखी विचारते: अवशेषांच्या आत आमच्याबरोबर कोण येणार? फ्रान्समध्ये संग्रहालयं आणि ऐतिहासिक वास्तूंच्या आत सहल कंपनीच्या गटाला माहिती सांगत फिरवायचं तर व्यावसायिक गाईडचं सरकारी ओळखपत्र लागतं. ते नसलेला चालक गाडीत भरभरून बोलेल, अगदी छान बोलेल, पण फाटकाशी ‘दीड तासाने इथेच भेटू’ म्हणून थांबेल. यात फसवणूक काही नाही, नियमच तसा आहे. मात्र ‘चालक-गाईड’ एवढ्या शब्दावर पैसे मोजणाऱ्याला हे आधी माहीत हवं. ओळखपत्रवाला गाईड नसेल तर जागेची माहिती आदल्या रात्री वाचून जा, कारण खाली नुसत्या गुडघाभर भिंती असतात आणि त्या स्वतःहून काही सांगत नाहीत.

त्याच निरोपात विचारून घ्या: प्रवेश तिकिटं दरात धरलीत का, किमान किती माणसं जमली नाहीत तर सहल रद्द होते आणि ते कधी कळवणार, आणि प्रत्येक ठिकाणी पायावर किती वेळ मिळतो. शेवटचा प्रश्न कळीचा. ‘गोर्दचं दर्शन’ असं लिहिलं असेल तर गावाआधीच्या वळणावर गाडी थांबवून दरीपलीकडून काढलेला फोटो, एवढाच त्याचा अर्थ असू शकतो. फोटो सुरेख येतो, पण त्याला गाव पाहिलं म्हणत नाहीत.

आता मार्ग. आविन्योंच्या दक्षिणेला आल्पीय नावाची चुनखडीची बुटकी डोंगररांग आहे, पूर्वेला ल्युबरोंचा डोंगराळ भाग, आणि पश्चिमेला पंचवीसेक किलोमीटरवर पों द्यु गारचा रोमन पूल. हे तिन्ही एका दिवसात दाखवणाऱ्या सहली सर्रास विकल्या जातात. घेऊ नका. दिवसाचा निम्मा भाग काचेतून बाहेर बघण्यात जातो. माझा हिशोब साधा आहे: एक अवशेष नीट, एक गाव नीट, आणि तिसरं काही जमलं तर वरकड.

पहिल्यांदा जात असाल तर आल्पीय घ्या. सॅं-रेमी हे गाव आविन्योंहून वीसेक किलोमीटर, आणि त्याच्या दक्षिणेला किलोमीटरभरावर ग्लानुम. आधी इथे साल्युव्ही लोकांची वस्ती होती, झऱ्याभोवतीची; मग ग्रीकांचा प्रभाव आला, मग रोमन आले. इसवी सन 260 च्या सुमारास गाव सोडून दिलं गेलं आणि डोंगरावरून वाहून आलेल्या मातीखाली गेलं. पद्धतशीर उत्खनन 1921 मध्ये सुरू झालं.

उघडण्याच्या वेळेलाच तिथे पोचा. आत सावली जवळजवळ नाही आणि पांढरा दगड ऊन परत अंगावर फेकतो. हंगामाबाहेर आठवड्याची सुट्टी असते, ती आधी बघून ठेवा. स्वच्छतागृह प्रवेशद्वारापाशी आहे. आत शिरण्यापूर्वीच जाऊन या.

बहुतेक जण दोन जुळ्या मंदिरांच्या पुन्हा उभ्या केलेल्या खांबांपाशी फोटो काढतात आणि परत फिरतात. तुम्ही तसेच पुढे, दरी चिंचोळी होत जाते तिकडे चढत जा. टोकाला झरा आहे, ज्याच्यामुळे हे सगळं गाव वसलं. दगडी पायऱ्या खाली उतरतात आणि तळाशी हिरवट, न हलणारं पाणी. पायऱ्यांच्या कडा इतक्या झिजल्यात की मधोमध पाऊल आपोआप पडतं. शेजारीच रोमन सेनापती आग्रिप्पाने आरोग्यदेवता व्हालेतुदो हिच्यासाठी बांधलेल्या छोट्या देवळाचे अवशेष. बरं वाटावं म्हणून लोक पाण्याशी येत, नवस बोलत, फेडत. माझी नणंद तिथे पायरीवर बसली ती उठायलाच तयार नव्हती. गाईड असता तर पुढे हाकललं असतं. ओळखपत्र नसलेल्या चालकाचा असाही फायदा असतो.

बाहेर रस्त्यापलीकडे विजयकमान आणि युलियस घराण्याचं स्मारक उभं आहे, त्यांना तिकीट लागत नाही. स्मारकाच्या खालच्या चौथऱ्यावरची शिल्पं चारही बाजूंनी फिरून बघा: घोडेस्वारांची लढाई, शिकार, एकमेकांत अडकलेले हातपाय. दोन हजार वर्षं उघड्यावर असूनही घोड्याच्या मानेतला ताण दिसतो. हाकेच्या अंतरावर सॅं-पोल द मोझोलचा मठ आहे. मे 1889 ते मे 1890 व्हॅन गॉग इथल्या मनोरुग्णालयात होता आणि ‘तारांकित रात्र’ त्याने इथेच रंगवली. सहलीत मठ बहुधा नसतो, पण ग्लानुममधून थोडं लवकर निघालात तर उरकता येतो. मी तरी झऱ्यापाशीची वीस मिनिटं त्यासाठी कापणार नाही.

जेवणाचं गणित ग्लानुममध्ये असतानाच मांडा. फ्रान्समधल्या लहान गावांत दुपारचं स्वयंपाकघर साधारण बारा ते दोन चालतं. अडीचला ‘काहीतरी गरम मिळेल का’ विचारलं तर मान हलते, ती नकारार्थी. बुधवारी सकाळी सॅं-रेमीत बाजार भरतो. ब्रेड, बकरीच्या दुधाचं चीज, टोमॅटो, पीच घेऊन झाडाखाली बसणं हॉटेलपेक्षा स्वस्त आणि माझ्या मते जास्त मजेचं. मात्र बुधवारी पार्किंगची मारामारी असते, तेव्हा चालकाला गावाबाहेरच उतरवायला सांगा.

शाकाहारी मंडळींनी तापनादपासून जपावं. ऑलिव्हची काळी चटणी दिसते, ब्रेडवर फासून हौसेने पुढे करतात, आणि तिच्यात अँचोव्ही मासा वाटलेला असतो. फुगास नावाच्या ब्रेडमध्ये कधी डुकराच्या मांसाचे तुकडे असतात. ‘शाकाहारी’ एवढं म्हणून भागत नाही. ‘मांस नाही, मासा नाही’ असं फ्रेंचमध्ये लिहिलेली चिठ्ठी दाखवा. रातातुई, म्हणजे वांगी-टोमॅटो-झुकिनीची भाजी, बहुतेक ठिकाणी निर्धास्त.

दुपारनंतर ले बो, हे डोंगरमाथ्यावरचं गाव. सॅं-रेमीहून दहाएक किलोमीटरचा वळणावळणाचा रस्ता डोंगर ओलांडून जातो. सगळ्या मोठ्या बस साडेदहा-अकरानंतर इथेच येऊन ओततात. म्हणून तीननंतर चढलेलं बरं. चालक कुरकुर करेल, कारण त्याला उलटा क्रम सोयीचा असतो. अख्खी गाडी तुमची असेल तर हट्ट धरा.

गाडी वेशीबाहेर ठेवून चालत चढायचं. पायाखाली गुळगुळीत झालेले गोटे आहेत, पावसात घसरतात, तेव्हा रबरी तळव्याचे बूट घाला. पहिली गल्ली साबण, अत्तरं आणि लव्हेंडरच्या पुरचुंड्यांची. तिथे गटातली माणसं हरवतात, त्यामुळे भेटायची वेळ आणि जागा आधी ठरवा. वर राहणारी माणसं आता मोजकीच आहेत, दुकानं त्यांच्याहून जास्त. गल्ली संपली की किल्ला. 1630 च्या दशकात राजाचा मंत्री कार्डिनल रिशेल्यूच्या हुकमाने तो पाडला गेला, म्हणून उभा दगड कुठे कातळ आणि कुठे भिंत हे ओळखू येत नाही. खोल्या कातळात कोरलेल्या, भिंतीत कबुतरांसाठी ओळीने खोबणी. वरच्या बुरुजांच्या पायऱ्या उंच, झिजलेल्या आणि असमान आहेत. आमच्याकडचे गुडघेवाले खालच्या पठारावर थांबले. तिथूनही दक्षिणेला ऑलिव्हच्या बागा दूरवर दिसतात. बॉक्साइटला, म्हणजे ॲल्युमिनियमच्या खनिजाला, त्याचं नाव याच गावावरून मिळालं; पिएर बेर्तिएने 1821 मध्ये ते खनिज इथे ओळखलं.

गावाखालच्या जुन्या दगडखाणीत भिंतीभर चित्रं हलवणारा प्रकाशाचा खेळ असतो. तो आवडणं न आवडणं तुमच्यावर, पण आत चांगलाच गारवा असतो. उन्हातून घामेजून शिरणाऱ्यांनी शाल जवळ ठेवावी.

दोन गोष्टी हवामानाच्या. मिस्त्राल हा वायव्येकडून रोन नदीच्या खोऱ्यातून घुसणारा वारा थंडीतच नव्हे, कधीही सुटतो. आकाश स्वच्छ करतो आणि टोपी घेऊन जातो. तो जोरात असेल तर ले बोच्या बुरुजांवर चढू नका आणि छत्रीऐवजी टोपीचं जाकीट घ्या. दुसरं, जून ते सप्टेंबर वणव्यांचा काळ. धोका जास्त असेल त्या दिवशी आल्पीयमधल्या जंगलवाटा बंद करतात, आणि ते आदल्या संध्याकाळी जाहीर होतं. ग्लानुम ते ले बो पायी जायचा बेत असेल तर हे बघितल्याशिवाय निघू नका.

दुसऱ्यांदा जाल तेव्हा ल्युबरों. इथे अवशेष एकच पण माझा लाडका: बोनियोजवळचा पों ज्युलियां. इसवी सनापूर्वी 3 मध्ये बांधलेला तीन कमानींचा पूल, ज्याच्यावरून 2005 पर्यंत गाड्या जात होत्या. तिकीट नाही, फाटक नाही. खाली उतरून कमानीच्या पोटाला हात लावता येतो. मग बोनियो, गेरूच्या लाल मातीचं रुसियों आणि शेवटी गोर्द. रुसियोंच्या गेरूच्या वाटेवर पांढरे कपडे घालू नका. तो रंग सहजी जात नाही. मंगळवारी गोर्दला आणि गुरुवारी रुसियोंला बाजार असतो. सेनांकच्या मठापुढचं लव्हेंडर जूनअखेर ते जुलैच्या मध्यापर्यंत. ऑगस्टमध्ये जाल तर नुसत्या कापलेल्या राखाडी ओळी.

पों द्यु गारला अर्धा दिवस वेगळा द्या. नीम शहराला पाणी नेणाऱ्या पन्नास किलोमीटरच्या कालव्याचा हा तुकडा, सुमारे 49 मीटर उंच, तीन मजली. एवढ्या सगळ्या अंतरात कालव्याचा उतार जेमतेम बारा-तेरा मीटर. भिंतीतून बाहेर आलेले दगड दिसतील, ते बांधकामाच्या परांचीला आधार म्हणून ठेवलेले. उन्हाळ्यात खालच्या गार्दों नदीत लोक डुंबतात, टॉवेल घ्या.

परतीच्या दिवशीच रेल्वे पकडायची असेल तर आविन्योंला दोन स्टेशनं आहेत हे चालकाला स्पष्ट सांगा. सेंटर स्टेशन तटबंदीला लागून आहे, वेगवान गाड्या बहुतेक गावाबाहेरच्या टीजीव्ही स्टेशनवरून सुटतात, आणि दोहोंमध्ये पाचेक मिनिटांची छोटी गाडी धावते. सहल सहाला संपते असं लिहिलं असेल तर आठच्या आधीचं तिकीट काढू नका.