उणे संख्या आल्या की समीकरण कुठे अडतं

क्ष + ४० = −१५ असं समीकरण दिलं की बऱ्याच वह्यांत उत्तर सापडतं २५. चाळीस दिसले, पंधरा दिसले, मध्ये कुठेतरी उणे चिन्ह दिसलं, केली वजाबाकी आणि मोकळे!

हेच गणित खाजनाच्या, म्हणजे भरतीच्या पाण्यापासून बांध घालून राखलेल्या सखल शेतजमिनीच्या, बांधावर नेऊन बघा. बांधाचा माथा शून्य धरा. नदीचं पाणी माथ्याच्या जितकं खाली, तितके सेंटिमीटर उणे. भरतीचं पाणी ४० सेंटिमीटर चढलं आणि आता ते −१५ वर आहे, तर आधी कुठे होतं? उत्तर २५ मानलं तर भरती चढायच्या आधीच पाणी बांधावरून शेतात शिरलेलं असणार. मग मानशीचं, म्हणजे बांधातल्या पाणी अडवायच्या मोरीचं, दार लावून तरी काय उपयोग?

क्षला +४० चिकटलेत. ते सोडवायला दोन्ही बाजूंतून ४० वजा करा:

क्ष = −१५ − ४०

शून्याखाली १५ वर असताना आणखी ४० खाली उतरायचं, म्हणजे −५५. ताळा: −५५ + ४० = −१५. जमलं.

क्ष − ७ = −१५ मध्ये दोन्ही बाजूंना ७ मिळवले की −८ येतात. क्ष − (−६) = २ दिसलं तर घाई नको. आधी क्ष + ६ = २ असं नवीन ओळीत लिहा, मग ६ वजा करा; उत्तर −४. ही ओळ वाचवायला जाणाऱ्यांचंच उत्तर ८ येतं.

खरी गोची गुणाकारात. ‘पलीकडे नेलं की चिन्ह बदलतं’ हे पाठ झालेलं असतं, पण ते बेरीज-वजाबाकीपुरतंच. −५क्ष = ३५ मध्ये −५ क्षला गुणतोय, म्हणून दोन्ही बाजूंना −५ नेच भागायचं, चिन्हासकट. क्ष = −७. नुसत्या ५ ने भागून थांबलात तर हातात −क्ष = ७ उरतं, क्ष नव्हे. −क्ष म्हणजे −१ × क्ष. अजून −१ ने भागायचं बाकी आहे.

भागाकार असेल तर उलट: क्ष ÷ (−३) = −८, दोन्ही बाजूंना −३ ने गुणा, क्ष = २४.

पोदेराच्या, म्हणजे पाववाल्याच्या, उधारीवर हे छान बसतं. रोज सारखेच पाव घेतले आणि सात दिवसांनी हिशेब −१७५ रुपये झाला, तर ७क्ष = −१७५, क्ष = −२५. इथे भागायचं धन ७ ने. उणे चिन्ह उजवीकडचं आहे, ते तिथेच राहतं.

ताळा नेहमी मूळ समीकरणात करा, मधल्या ओळीत नको. ती ओळच चुकली असेल तर चूक लपते. आणि किंमत कंसात घाला: −५ × (−७). कंस गाळला की घाईत −५ − ७ वाचलं जातं आणि बरोबर उत्तरावर काट मारली जाते.