ख्वाबाची ताबीर शोधताना या चुका टाळा

साप दिसला म्हणजे शत्रू, दात पडला म्हणजे घरात मौत, मासे दिसले म्हणजे कुणाला तरी दिवस गेले. ही यादी बहुतेक मुस्लिम घरांत लहानपणापासून कानावर पडते, आणि आता ती मोबाईलवरही आली आहे. पहाटे दचकून उठायचं, ‘ख्वाब में साँप देखना’ असं शोधायचं आणि फजरच्या (पहाटेच्या नमाजच्या) आधीच जावेवर किंवा धंद्यातल्या भागीदारावर संशय घेऊन बसायचं. इस्लामी परंपरेत स्वप्नाला फार वरचं स्थान आहे. मोमिनाचं (श्रद्धावानाचं) खरं स्वप्न हा नुबुव्वतच्या, म्हणजे प्रेषितपणाच्या, ४६ भागांपैकी एक भाग आहे, अशी हदीस (प्रेषितांची वचनं आणि कृती यांची नोंद) बुखारी आणि मुस्लिम या दोन्ही संग्रहांत आहे. ज्या गोष्टीला एवढा मान, तिचे अदब, म्हणजे शिष्टाचारही, काटेकोर असणार. ते विसरल्यामुळे जुळलेली लग्नं मोडतात आणि माणसं महिनोन्‌महिने भीतीत जगतात. म्हणून हे कळकळीने लिहितोय.

प्रत्येक स्वप्नाला अर्थ असतोच, असं धरून चालणं

सगळ्यात मोठी चूक हीच. प्रेषित मुहम्मद (स.) यांनी स्वप्नांचे तीन प्रकार सांगितले: अल्लाहकडून येणारी खुशखबर, शैतानाकडून येणारं घाबरवणारं स्वप्न आणि माणसाच्या स्वतःच्याच मनातल्या गोष्टी. ताबीर, म्हणजे स्वप्नाचा अर्थ लावणं, होते ती पहिल्या प्रकाराची. दिवसभर दुकानाच्या उधारीची चिंता केली आणि रात्री दुकान जळताना दिसलं, तर तो तिसरा प्रकार. परीक्षेचा पेपर कोरा राहणं, गाडी सुटणं, तापात दिसलेले चेहरे हेही त्यातच.

दुसऱ्या प्रकारासाठी तर उपायच सांगून ठेवला आहे, आणि तो पाच मिनिटांचा आहे. जाग आली की डाव्या बाजूला तीनदा हलकेच थू-थू करावं, अऊजु बिल्लाह म्हणून अल्लाहची पनाह मागावी आणि कूस बदलावी. झोप येतच नसेल तर उठून नमाज पढावी. आणि कुणालाही सांगू नये. हे शेवटचंच आपण पाळत नाही. सकाळच्या चहाला अम्मी, आपा, मामू सगळ्यांना ते स्वप्न तिखटमीठ लावून सांगितलं जातं, संध्याकाळपर्यंत ते फॅमिली ग्रुपवर गेलेलं असतं. सहीह मुस्लिममध्ये एका खेडूत अरबाचा किस्सा आहे. तो प्रेषितांकडे आला आणि म्हणाला, माझं मुंडकं उडवलं गेलं आणि मी त्याच्यामागे धावत होतो असं मी पाहिलं. प्रेषितांनी त्याची ताबीर केली नाही. झोपेत शैतान तुझ्याशी खेळला, ते लोकांना सांगत फिरू नकोस, एवढंच म्हणाले. स्वतःच्या मरणाचं स्वप्न पाहून धास्तावलेल्या माणसाने ही हदीस जरूर वाचावी.

चांगलं स्वप्न भेटेल त्याला सांगणं

हजरत युसूफ (अ.) यांनी ११ तारे, सूर्य आणि चंद्र आपल्याला सजदा करताना पाहिले, तेव्हा वडील हजरत याकूब (अ.) यांचं पहिलं वाक्य होतं: बाळा, हे स्वप्न भावांना सांगू नकोस, ते तुझ्याविरुद्ध डाव रचतील. सूरह युसूफची सुरुवातच या सावधगिरीने होते. चांगलं स्वप्न फक्त ज्याच्यावर आपला जीव आहे त्याला किंवा जाणत्या, भल्या माणसाला सांगावं, हा नियम त्याला धरूनच आहे. ताबीर होईपर्यंत स्वप्न पक्ष्याच्या पायाशी असतं, ताबीर झाली की खाली येतं (म्हणजे लागू होतं), अशीही एक हदीस आहे. हेव्याने किंवा अडाणीपणाने कुणी वेडीवाकडी ताबीर केली, तर ती मनात घर करते. मग माणूस तिच्याच दिशेने चालू लागतो.

ख्वाबनाम्यातून थेट अर्थ उचलणं

दर्ग्यांच्या आणि मशिदींच्या आसपास मिळणाऱ्या बारीक ख्वाबनाम्यांवर (स्वप्नांचे अर्थ सांगणाऱ्या पुस्तकांवर) बहुतेक वेळा इब्न सिरीन यांचं नाव असतं. इराकमधल्या बसऱ्याचे हे कापडाचे व्यापारी, ताबिरीसाठी नावाजलेले, मोठे परहेजगार (संयमी, धर्मनिष्ठ). हिजरी ११० मध्ये त्यांचं निधन झालं. आज त्यांच्या नावाने खपणारी पुस्तकं त्यांच्यानंतर कित्येक शतकांनी जुळवलेली आहेत. त्यांची रीत तर या पुस्तकांच्या अगदी उलट होती. त्यांच्याबद्दल सांगितला जाणारा प्रसिद्ध किस्सा असा: एक माणूस आला, म्हणाला, मी स्वप्नात अजान दिली. ते म्हणाले, तू हजला जाशील. दुसरा आला, त्यानेही तेच सांगितलं. त्याला म्हणाले, तुझा हात चोरीत कापला जाईल. लोक चकित झाले. तेव्हा त्यांनी सांगितलं की पहिल्याच्या चेहऱ्यावर नेकी दिसली, म्हणून मला ‘लोकांमध्ये हजची घोषणा कर’ ही आयत आठवली. दुसऱ्याकडे पाहून सूरह युसूफमधली ‘काफिलेवाल्यांनो, तुम्ही चोर आहात’ ही पुकार आठवली.

अजान एकच, ताबिरी दोन. अ‍ॅपला किंवा पुस्तकाला तुमचा चेहरा दिसत नाही, तुमच्या घरात काय चाललंय ते माहीत नसतं, तुम्ही मासे विकता की फक्त शुक्रवारी खाता हेही नाही. जुन्या मुअब्बिरांनी (ताबीर करणाऱ्यांनी) मोठे ग्रंथ लिहिले हे खरंच. इब्न कुतैबांचा ९व्या शतकातला ग्रंथ आजही उपलब्ध आहे, आणि दमास्कसचे अब्दुलगनी नाबुलसी (१६४१–१७३१) यांनी तर स्वप्नचिन्हं वर्णानुक्रमे लावून दिली. पण ते ग्रंथ जाणत्याच्या हाताशी असावेत म्हणून होते. माहितगारही चुकतो. ढगातून तूप आणि मध ठिबकतोय, अशा एका स्वप्नाची ताबीर खुद्द प्रेषितांचे जवळचे साथी हजरत अबूबक्र (रजि.) यांनी प्रेषितांसमोर केली. उत्तर मिळालं: काही बरोबर, काही चूक. काय चुकलं ते त्यांनी विचारूनही सांगितलं गेलं नाही. अबूबक्रांची ही गत, तिथे फोनवर दहा सेकंदांत ताबीर देणाऱ्यावर भरवसा किती ठेवायचा?

आपल्याला हवी तीच ताबीर काढणं

टिपू सुलतान आपली स्वप्नं फारसीत स्वहस्ते लिहून ठेवत असे. १७९९ मध्ये श्रीरंगपट्टण पडल्यावर ती वही इंग्रजांच्या हाती लागली. तिच्यात ३७ स्वप्नं आहेत आणि ती आज लंडनच्या ब्रिटिश लायब्ररीत आहे. त्यातलं एक आपल्या इतिहासाशी जोडलेलं आहे. मराठा सेनापती हरिपंत फडक्यांच्या फौजेवर रात्री छापा घालण्याआधी टिपूला एक देखणा परका तरुण शेजारी येऊन बसलेला दिसला, आणि मग ती पुरुषी वेशातली बाई निघाली. टिपूने अर्थ लावला की हे मराठेच, पुरुषांच्या वेशातल्या बायका. पुढच्या छाप्यात त्याला हा अर्थ खरा ठरल्यासारखा वाटला. पण ती लढाई मिटली १७८७ च्या गजेंद्रगडच्या तहाने, आणि त्या तहात बदामी मराठ्यांकडे गेली. शत्रूबद्दल मनात जे आधीच होतं, तेच त्याने स्वप्नात वाचलं. सून, सासू किंवा सावत्र भाऊ यांच्याबद्दलची स्वप्नं आपणही अशीच वाचतो.

इस्तिखाऱ्यात रंग शोधणं

स्थळ आलं की इस्तिखारा (निर्णयासाठी अल्लाहकडे मार्ग मागण्याची प्रार्थना) करायचा. हिरवा किंवा पांढरा रंग दिसला तर होकार, लाल किंवा काळा दिसला तर नकार. काही जण तर पैसे देऊन दुसऱ्याकडून करवून घेतात. प्रेषितांचे साथी हजरत जाबिर (रजि.) यांच्या हदीसमध्ये इस्तिखारा म्हणजे दोन रकात नफिल (ऐच्छिक नमाज) आणि त्यानंतरची दुआ: या कामात भलं असेल तर ते माझ्यासाठी सोपं कर, नसेल तर ते माझ्यापासून वळव. त्यात स्वप्नाचा उल्लेखसुद्धा नाही. मुलाची चौकशी करा, मुलीला विचारा, जाणत्यांचा सल्ला घ्या, दुआ करा आणि पाऊल टाका. स्वप्न पडलं नाही म्हणून मुलीचं लग्न सहा-सहा महिने अडवून ठेवणं हा तिच्यावर अन्याय आहे.

स्वप्नातून हुकूम काढणं

अजान तर स्वप्नातूनच आली ना, असं कुणी विचारेल. हो, प्रेषितांचे साथी अब्दुल्लाह बिन जैद (रजि.) यांनी ते शब्द स्वप्नात ऐकले. पण ते दीनचा भाग झाले ते प्रेषितांनी हयातीत मान्यता दिल्यामुळे, त्यानंतर हजरत बिलाल (रजि.) यांनी अजान दिली. आता ते दार बंद आहे. प्रेषितांना स्वप्नात पाहणारा खरोखर त्यांनाच पाहतो, शैतान त्यांचं रूप घेऊ शकत नाही, हेही हदीसमध्ये आहे. तरीही हदीसचे विद्वान इमाम नववी लिहितात की शाबानच्या (रमजानच्या आधीच्या महिन्याच्या) तिसाव्या रात्री कुणाला स्वप्नात प्रेषितांनी सांगितलं की उद्या रमजान आहे, तरी त्यावर रोजा ठरत नाही. चंद्र दिसायला हवा, साक्ष हवी.

ही मर्यादा ओलांडली की काय होतं, ते मक्केने पाहिलं आहे. २० नोव्हेंबर १९७९ रोजी, हिजरी १४०० च्या पहिल्याच दिवशी, जुहैमान अल-उतैबी आणि त्याच्या साथीदारांनी हत्यारांसह मस्जिद-ए-हरामचा (काबा असलेल्या मशिदीचा) ताबा घेतला. त्यांच्यातल्या मुहम्मद अल-कहतानी हाच महदी (शेवटच्या काळात येणारा मार्गदर्शक), असा त्यांचा दावा होता, आणि साथीदारांना पडलेली स्वप्नं त्याचा पुरावा म्हणून सांगितली जात होती. वेढा दोन आठवडे चालला, शेकडो माणसं मेली. स्वतः कहतानीही त्यात मारला गेला.

न पाहिलेलं स्वप्न पाहिल्याचं सांगणं तर सरळ गुन्हाच. अशा माणसाला कयामतच्या दिवशी जवाच्या दोन दाण्यांची गाठ मारायला सांगितलं जाईल आणि ती त्याला कधीच मारता येणार नाही, असं बुखारीत आहे.

स्वप्नदोषाबद्दल थोडक्यात, कारण वयात येणारी मुलं याने फार कुढतात: त्यात गुनाह नाही, झोपलेल्या माणसाचा हिशोब लिहिला जात नाही. रोजाही तुटत नाही. गुस्ल (पूर्ण अंघोळ) करायचं, झालं.

भीतीची स्वप्नं थांबतच नसतील तर

झोपण्याआधी वुजू (नमाजआधीचं हात-तोंड-पाय धुणं), कुरआनातली आयतुल कुर्सी ही आयत, शेवटच्या तीन सूरह पढून तळहातांवर फुंकणं आणि उजव्या कुशीवर झोपणं, ही सुन्नत आधी नीट पाळून पाहा. उशिरापर्यंतचा मोबाईल आणि रात्रीचं जड जेवण सोडा. तरीही एखादं मूल रोज किंचाळत उठत असेल, अपघातानंतर तेच दृश्य पुन्हा पुन्हा दिसत असेल, छातीवर कुणी बसल्यासारखं वाटून हातपाय हलत नसतील, तर डॉक्टरकडे जा. छातीवरच्या या दाबाला ‘काबूस’ म्हणतात, आणि प्रसिद्ध हकीम इब्न सीनांनी आपल्या वैद्यकग्रंथात त्याची चर्चा आजार म्हणूनच केली आहे. दुआ सोडायची नाही आणि औषधालाही लाजायचं नाही. मुलाला डॉक्टरकडे नेताना किती वाजता झोपतो, काय पाहून घाबरतो, कधीपासून हे चाललंय, एवढं एका कागदावर लिहून न्या.