काल्पनिक जगाचं युग रचताय? या चुका टाळा

कल्पित जगाची कालगणना बहुतेक जण नावापासून सुरू करतात. छायायुग, अग्नियुग ठरतं, मग त्याखाली हजारोंचे आकडे येतात, आणि तिसऱ्या भागात नायकाचा आजा आपल्या नातवापेक्षा लहान निघतो. क्रम उलटा हवा: आधी दिवस, मग वर्ष, युगाचं नाव शेवटी.

सर्वात महाग पडणारी चूक म्हणजे मूळ दिवसांक, म्हणजे एका ठरलेल्या दिवसापासून सलग मोजलेला दिवसांचा आकडा, नसणं. खगोलशास्त्रज्ञ ज्युलियन दिवसांक वापरतात. 1 जानेवारी 2000 च्या दुपारी तो 24,51,545 होता. त्यात ना महिने, ना राजे, म्हणून कोणत्याही दोन घटनांमधलं अंतर साध्या वजाबाकीने मिळतं. तुमच्या तक्त्यातही पहिल्या रकान्यात दिवसांक लिहा आणि पुढचे सगळे सन सूत्राने काढा. चालू वर्ष = (दिवसांक − युगारंभाचा दिवसांक) ÷ वर्षाची लांबी, त्याचा पूर्णांक घ्या, त्यात 1 मिळवा. हा 1 विसरला की गत वर्ष, म्हणजे पूर्ण झालेल्या वर्षांची संख्या, येतं. आपल्या पंचांगातला शालिवाहन शक गत वर्षांचाच आहे, तेव्हा दोन्ही पद्धती चालतात. एका जगात त्या नकळत मिसळल्या की मात्र प्रत्येक वय एकाने चुकतं.

अपूर्णांक गाळू नका. वर्ष 400.25 दिवसांचं आहे आणि दिनदर्शिका 400 ची, तर 12,000 वर्षांच्या युगात 3,000 दिवस सरकतात, म्हणजे सुमारे साडेसात वर्षं. सुगीचा सण तेवढ्या काळात सगळे ऋतू सातदा फिरून येतो. उपाय सोपा आहे: दर चौथ्या वर्षी एक दिवस वाढवा.

चंद्राचंही तसंच. वर्ष 400 दिवसांचं आणि चांद्रमास 26.4 दिवसांचा धरला, तर 15 महिन्यांचे 396 दिवस होतात आणि दरवर्षी 4 दिवस उरतात. 33 वर्षांत 5 अधिक महिने घातले की हिशेब तंतोतंत जुळतो: 500 महिने, 13,200 दिवस. हे अधिक महिने कोण जाहीर करतं, त्यात लग्नं होतात का, कर भरावा लागतो का, हे ठरवा. जगाला जिवंतपणा इथून येतो, युगाच्या भारदस्त नावातून नाही.

युग बदलायला ‘दोन चंद्रांची युती’ हे कारण फार जण देतात. गणित करून पाहा. 26.4 आणि 40 दिवसांत फेरी मारणारे चंद्र दर 77.6 दिवसांनी एकत्र येतात. त्यावर युग कसं बदलणार? संथ चक्र हवं. पृथ्वीचं संपातचलन, म्हणजे तिच्या अक्षाचं भोवऱ्यासारखं संथ फिरणं, सुमारे 26,000 वर्षांचं आहे, आणि त्यामुळे ध्रुवतारा बदलतो. सुमारे 14,000 वर्षांपूर्वी ध्रुवाजवळ अभिजित (व्हेगा) हा तारा होता. अशा घटनेला युगारंभाचं वजन असतं.

युगांची बेरीज जुळत नसेल तर पुराणांतली युक्ती पाहा. 14 मन्वंतरं, प्रत्येकी 71 महायुगं (महायुग म्हणजे चार युगांचा एक फेरा), म्हणजे 994. उरलेली 6 महायुगं 15 संधींमध्ये (जोडकाळांमध्ये) वाटून कल्प बरोबर 1,000 महायुगांचा केला आहे. कृतयुगाच्या 4,800 दिव्य (देवांच्या) वर्षांतही 400 आरंभीच्या संध्येची आणि 400 शेवटच्या संध्यांशाची. एका रात्रीत युग पालटवण्यापेक्षा असा संधिकाल द्या. बहुतेक चांगल्या कथा तिथेच घडतात.

अख्ख्या जगाला एकच सन देणं ही चूक तर मराठी वाचकाच्या लगेच डोळ्यांवर येते. मराठेशाहीच्या कागदांत शालिवाहन शक, राज्याभिषेक शक, हिजरी आणि मृगापासून सुरू होणारा शुहूर सन असे चारही सन सापडतात. वर्षारंभही वेगवेगळे. 2024 च्या आषाढात आपल्याकडे शके 1946 होता, उत्तरेत विक्रम संवत 2081, आणि गुजरातेत तोच संवत 2080, कारण तिथे वर्ष कार्तिकात बदलतं.

आधीच प्रसिद्ध झालेल्या भागात एका वर्षाची तफावत सापडली, तर हाच फरक कामी येतो. एक तारीख चैत्रादी राज्याची, दुसरी कार्तिकादी राज्याची ठरवा. घटना दोन्ही वर्षारंभांच्या मधल्या महिन्यांतली असेल, तरच हे जमेल. तफावत मोठी असेल, तर एका राज्याच्या सनाचा आरंभ मागे-पुढे सरकवा. त्या सनातल्या आधी छापलेल्या सगळ्या तारखा मग पुन्हा तपासा. मूळ दिवसांकाला हात लावू नका.